फळाचं ड्रेसिंग वाटीत छान लागतं, मग सॅलडवर गेलं की पाणचट का होतं?

तुमचा प्रश्न दोनदा वाचला. मला तो जसा समजलाय तसा आधी मांडते म्हणजे बोलणं भरकटणार नाही. तुम्ही दोन संत्र्यांचा रस काढलात, त्यात सात-आठ स्ट्रॉबेऱ्या, पाव कप एक्स्ट्रा व्हर्जिन ऑलिव्ह ऑइल, दोन चमचे मध आणि चिमूटभर मीठ, सगळं एकदम मिक्सरमध्ये घालून मिनिटभर फिरवलंत. चमच्याने चाखलं तर मस्त लागलं. सॅलडवर घातलं तर चवच लागेना, ताटलीच्या तळाला गुलाबी पाणी साचलं, मागाहून घशाशी कडवट लागलं, आणि उरलेलं दुसऱ्या दिवशी बरणीत वर तेल, खाली रस असं झालं. आणि शेवटी विचारलंत की कुठलं फळ घेऊ म्हणजे जमेल, मापं काय घेऊ आणि ड्रेसिंग किती दिवस टिकतं.

फळ बदलू नका, फळाची काहीच चूक नाहीये. मी चौदा वर्षं हॉटेलच्या किचनमध्ये कोल्ड सेक्शन सांभाळलाय, म्हणजे सॅलड, ड्रेसिंग, गार सॉस हेच रोजचं काम, आणि नवीन आलेल्या प्रत्येकाचं पहिलं फळाचं ड्रेसिंग साधारण तुमच्यासारखंच व्हायचं. खरी अडचण अशी आहे की तुम्ही ड्रेसिंग न करता तेल घातलेला ज्यूस केलात. ज्यूस प्यायला म्हणून उत्तमच असणार, म्हणून तर चमच्याने चाखल्यावर आवडला. पण प्यायच्या गोष्टीची चव आणि पानाला लावायच्या गोष्टीची चव यात फार फरक असतो, आणि तुमच्या चार तक्रारींपैकी तीन इथूनच आल्यात. चौथी, कडवटपणाची, ती वेगळी आहे, तिच्याकडे नंतर येते.

एक आधीच सांगते, खाली जी मापं देतेय ती सुरुवातीची समजा. फळ किती पिकलंय, लिंबू किती आंबट आहे, सॅलडमध्ये कोवळी लेट्यूस आहे का कोबी आहे, लगेच खाणार का तासाभराने, या सगळ्यावर ती थोडी इकडेतिकडे होतात. एकाच झाडाची दोन संत्री सारखी लागत नाहीत त्यामुळे डोळे मिटून पाळावं असं माप कुणीच देऊ शकणार नाही. पण का घालायचं ते कळलं की किती घालायचं हे जीभ आपोआप सांगते.

तर आधी आंबटपणा. तेल तीन भाग आणि आंबट एक भाग हे साध्या व्हिनेगरच्या ड्रेसिंगचं जुनं प्रमाण तुम्ही कुठेतरी वाचलं असेल. त्यातलं ते आंबट म्हणजे व्हिनेगर, ज्यात साधारण पाच टक्के ॲसिड असतं. लिंबाच्या रसातही तेवढंच, पाच-सहा टक्के. आणि संत्र्याच्या रसात? एक टक्क्याच्या आसपास. स्ट्रॉबेरीतही जवळपास तेवढंच. म्हणजे लिंबाच्या जागी संत्र्याचा रस घातला की आंबटपणा पाचवा हिस्सा उरतो आणि वर त्याच्याबरोबर साखर येते, मग तुम्ही त्यात मध घातलात म्हणजे आणखी गोड. आपण संत्र्याला आंबटगोड म्हणतो म्हणून आपल्याला वाटतं आंबटपणाचं काम झालं, पण ते झालेलं नसतं. फळाकडून वास घ्यायचा, रंग घ्यायचा, थोडा दाटपणा घ्यायचा, आंबटपणाचं काम मात्र लिंबाला किंवा व्हिनेगरलाच द्यायचं. हे एवढं एक जरी तुम्ही बदललंत तरी निम्मं काम झालं.

आता चाखणं. मी नवीन होते तेव्हा सगळी ड्रेसिंगं चमच्याने चाखून करायचे आणि प्रत्येक वेळी ती ताटात गेली की फिकी पडायची. आमच्या तिथल्या सीनियर बाईंनी एक दिवस माझ्या हातातला चमचा काढून घेतला, लेट्यूसचं एक पान घेतलं, टोकाकडून अर्धं ड्रेसिंगमध्ये बुडवलं, दोनदा जोरात झटकलं आणि म्हणाल्या, खा. मी खाल्लं आणि तोंडात नुसतं ओलं पान आलं, बाकी काही नाही. मग त्यांनी त्याच वाडग्यात मीठ आणि लिंबू घातलं, मला वाटलं आता हे खाववणार नाही इतकं घातलं, परत पान बुडवून झटकून दिलं, आणि तेव्हा पहिल्यांदा त्या फळाचा वास पानाबरोबर तोंडात आला. पानाला स्वतःची चव कमी आणि पाणी भरपूर, आणि ड्रेसिंग पानावर अगदी पातळ थराने बसतं, त्यामुळे चमच्यावर जे बरोब्बर वाटतं ते पानावर पांचटच लागणार. चमच्यावर ते जरा जास्तच आंबट, जरा जास्तच खारट लागायला हवं, चाखल्यावर एक डोळा बारीक झाला पाहिजे. म्हणून जे पान सॅलडमध्ये जाणार आहे त्याच पानाने चाखा. सॅलडमध्ये काकडी असेल तर काकडीच्या चकतीने चाखा.

मिठाबद्दल दोन गोष्टी. चिमूटभर पुरत नाही, सगळं मिळून साधारण २०० मिली ड्रेसिंग होत असेल तर अर्धा छोटा चमचा सपाट भरून, म्हणजे सुमारे ३ ग्रॅम मीठ लागतं. आणि ते तेल घालायच्या आधी घालायचं कारण मीठ तेलात विरघळतच नाही, ते आंबट रसात विरघळतं. शेवटी तेलावर घातलेलं मीठ दाण्यादाण्याने तळाशी बसतं, मग एखादा घास खारट आणि बाकीचे अळणी. मीठ, लिंबू, मोहरीची पेस्ट आणि बारीक चिरलेला कांदा घालणार असाल तर तोही, हे सगळं आधी एकत्र करून दहा मिनिटं नुसतं ठेवून द्या, कांद्याचा उग्रपणाही त्यात मरतो.

मग पाणी. संत्र्याच्या रसात जवळपास ८७-८८ टक्के पाणी असतं, स्ट्रॉबेरीत तर ९० च्या वर. एवढं पाणी पानावर थांबणार कसं? ते घसरून तळाशीच जाणार. पानाच्या वरच्या बाजूला मेणासारखा पातळ थर असतो, त्यावर पाण्याचे थेंब टिकत नाहीत, तेल मात्र पसरून चिकटतं. म्हणजे ड्रेसिंगमध्ये रस फार झाला आणि तेलाशी तो मिळून आला नाही की तेल पानाला राहतं आणि रस ताटलीत. तुमचं गुलाबी पाणी ते हेच.

यावर मला सगळ्यात आवडणारा उपाय म्हणजे रस आटवणं, आणि संत्र्यासाठी तर मी दुसरं काही करतच नाही. एक कप गाळलेला रस पसरट स्टीलच्या पॅनमध्ये मध्यम आचेवर ठेवा, ॲल्युमिनियम नको, आंबटाला त्याची धातूसारखी चव लागते. सुरुवातीला वर पांढरट फेस येईल, तो काढून टाका. मग बारीक बारीक बुडबुडे, बराच वेळ काहीच होत नाहीये असं वाटतं. दहा-बारा मिनिटांनी आवाज बदलतो, बुडबुडे मोठे होतात आणि सावकाश फुटायला लागतात, रंग गडद केशरी होतो. इथून पुढची दोन मिनिटं पॅन सोडून कुठे जाऊ नका कारण इथून करपायला वेळ लागत नाही. पाव कप उरला की उतरवा. चमचा बुडवून त्याच्या पाठीवर बोट ओढलं की रेघ तशीच राहायला हवी.

आता यात काय झालं बघा. एक कपाचा पाव कप झाला म्हणजे ॲसिड चौपट झालं, एक टक्क्याचं चार टक्क्यांच्या आसपास आलं, म्हणजे व्हिनेगरच्या जवळ. साखरही चौपट झाली, त्यामुळे मधाची गरजच उरली नाही. आणि पाणी गेल्यामुळे दाटपणा आला. एका कामात तीन अडचणी सुटतात म्हणून मला हे इतकं आवडतं. एकच गोष्ट जाते ती म्हणजे ताज्या फळाचा वास, तो उकळण्यात उडून जातो. म्हणून रस पूर्ण गार झाल्यावर त्यात दोन मोठे चमचे ताजा रस आणि अर्ध्या संत्र्याची साल किसून घालायची. किसणी सालीवर अगदी हलकी फिरवा, फक्त वरचा केशरी भाग यायला पाहिजे, कारण वास तिथल्या तेलात असतो. खालचा पांढरा भाग आला की कडू.

स्ट्रॉबेरी, रास्पबेरी, ब्लूबेरी यांना आटवायची तशी गरज नाही. यांचा गरच वापरायचा, रस नाही. मिक्सरमधून काढून बारीक गाळणीतून चमच्याने दाबून गाळा, बिया आणि चोथा वर राहील, खाली मखमली गर येईल. फळ फ्रोजन असेल तर आधी गाळणीत ठेवून पूर्ण वितळू द्या आणि सुटलेलं पाणी वेगळं काढा, तेच पाणी हवं तर आटवून परत घाला, टाकू नका, रंग सगळा त्यात असतो.

आता तेल आणि रस वेगळे होणं. खरं म्हणजे हा दोष नाहीच, तेल आणि पाणी वेगळं होणार हा त्यांचा स्वभाव आहे. बाटली जोरात हलवून लगेच सॅलडवर घातली तरी काम होतं, मी घरी कित्येकदा एवढंच करते. पण निदान जेवण होईपर्यंत एकजीव राहावं असं वाटत असेल तर दोन गोष्टी लागतात, तेलाचे थेंब अगदी बारीक व्हायला हवेत आणि ते परत एकमेकांना चिकटू नयेत म्हणून मध्ये काहीतरी हवं. ते काहीतरी म्हणजे मोहरीची पेस्ट. मोहरीच्या टरफलात एक चिकट द्रव्य असतं, ते पाण्यात फुगतं आणि तेलाचे थेंब एकमेकांपासून लांब ठेवतं. २०० मिलीला एक छोटा चमचा भरून पेस्ट पुरते, आणि काळजी करू नका, एवढ्याने मोहरीची चव वर येत नाही. मध दाट असल्यामुळे थोडी मदत करतो. फळाचा गर स्वतःही मदत करतो, त्यातले बारीक तंतू आणि पेक्टिन, म्हणजे जॅम ज्याने घट्ट होतो तो फळातला पदार्थ, रस दाट करतात म्हणून गराचं ड्रेसिंग रसाच्या ड्रेसिंगपेक्षा जास्त वेळ टिकतं.

तेल शेवटी आणि सावकाश घालायचं हे मात्र पाळा. सगळं एकदम मिक्सरला लावलं की सुरुवातीला मिळून आल्यासारखं दिसतं पण थेंब लहानमोठे राहतात आणि मोठे लवकर वर येतात. वाडग्याखाली ओलं फडकं ठेवा म्हणजे वाडगा हलणार नाही, एका हाताने फेटत राहा, दुसऱ्या हाताने तेल आधी थेंब थेंब आणि मग बारीक धारेने. चार-पाच थेंबांनंतर मिश्रण किंचित फिकट आणि साईसारखं दिसायला लागतं, ते दिसलं की धार थोडी वाढवली तरी चालते. झँथन गम, म्हणजे पातळ पदार्थ दाट करणारी पूड, कुणीतरी सुचवेलच, ते काम करतं, पण एक कपाला अगदी चिमूट, जरा जास्त झालं की ड्रेसिंग लिबलिबीत होतं आणि ते पानावर अजिबात चांगलं लागत नाही. घरच्यासाठी मी घालत नाही.

इथवरचं एका दमात सांगायचं तर: आंबटपणा लिंबाचा, फळाचा गर किंवा आटवलेला रस, मीठ आधी, मोहरी थोडी, तेल शेवटी धारेने, आणि चाखायचं पानाने.

आता कडवटपणा. हा माझ्याही वाट्याला आलाय आणि चांगलाच. एकदा संध्याकाळच्या मोठ्या पार्टीसाठी मी दोन लिटर स्ट्रॉबेरी ड्रेसिंग एक्स्ट्रा व्हर्जिन तेलाने ब्लेंडरमध्ये जोरात फिरवून केलं, कडू लागलं म्हणून मध घातला, तरी कडू, आणखी मध, मग लिंबू, मग परत मध, शेवटी ते गोड आणि कडू दोन्ही झालं आणि सगळं ओतून द्यावं लागलं. इतकी फळं वाया गेल्याचं मला आजही वाईट वाटतं. चांगल्या एक्स्ट्रा व्हर्जिन तेलात मुळातच कडवट घटक असतात. ते तेलात गुरफटलेले असतात तोवर जिभेला फारसे जाणवत नाहीत, पण ब्लेंडरच्या पात्याने तेलाचे अतिशय बारीक थेंब झाले की ते बाहेर पडून रसात मिसळतात आणि तेच तेल कडू लागायला लागतं. म्हणून मिक्सर वापरायचा तर तेल साधं, वास नसलेलं घ्या, सूर्यफूल वगैरे. ऑलिव्ह ऑइलची चव हवीच असेल तर तीन भाग साधं तेल मिक्सरमध्ये घाला आणि एक भाग ऑलिव्ह ऑइल शेवटी हाताने फेटून.

पण तुमच्या बाबतीत संत्रंही असू शकतं. संत्र्याच्या बिया किंवा पांढरी साल मिक्सरमध्ये फिरली तर कडू होणारच, शिवाय काही जातींच्या संत्र्यांचा रस काढल्यावर लगेच गोड लागतो आणि काही तासांनी कडवट होत जातो, त्यात मिक्सरची काही चूक नसते. ओळखायचं कसं? फिरवल्या फिरवल्या चाखल्यावर घशाशी कडू लागलं असेल तर तेल किंवा बिया. आधी चांगलं होतं आणि दुसऱ्या दिवशी कडू झालं असेल तर संत्र्याचा रस. तुम्ही लिहिलंय की पहिल्याच जेवणात कडवट लागलं, म्हणून माझा संशय तेलावर जास्त आहे.

मापं मागितली होतीत म्हणून देते. मोठा चमचा म्हणजे १५ मिली, छोटा म्हणजे ५ मिली. स्ट्रॉबेरी किंवा रास्पबेरीचा गाळलेला गर १०० ग्रॅम, लिंबाचा रस किंवा सौम्य व्हिनेगर २ मोठे चमचे, मोहरीची पेस्ट १ छोटा चमचा, मीठ अर्धा छोटा चमचा, ताजी मिरी, आणि तेल ४ मोठे चमचे. मध यादीत मुद्दाम नाही, सगळं झाल्यावर पानाने चाखा आणि आंबट टोचतंय असं वाटलं तरच अर्धा छोटा चमचा घाला. संत्र्याचं करायचं तर एक कप रसाचा आटवलेला पाव कप, त्यात ताजा रस २ मोठे चमचे, लिंबू १ मोठा चमचा, बाकी सगळं तसंच आणि साल किसून. तेल आणि आंबट यांचं प्रमाण इथे तीनास एक नाहीये हे तुमच्या लक्षात येईल, कारण गराच्या दाटपणामुळे कमी तेलातही ड्रेसिंग पानाला धरतं, आणि तेल जास्त झालं की फळाचा वास दबतो.

दुसरी फळं विचारलीत त्याचं थोडं. आंबा स्वतःच दाट आणि गोड, आंबटपणा कमी, म्हणून त्याला लिंबू ३ मोठे चमचे तरी लागतं, तेल एक चमचा कमी केलं तरी चालतं आणि घट्ट वाटलं तर थोडं पाणी. रेषा असतील तर गाळाच. डाळिंबाचे दाणे मिक्सरमध्ये बराच वेळ फिरवू नका, बिया भरडल्या की तुरट कडू होतं, दोन-तीनदा चालू-बंद करून गाळून घ्या आणि तो रस संत्र्यासारखा आटवा, रंग फार सुंदर येतो. सफरचंद, पेअर यांचा गर हवेने काळपट पडतो म्हणून चिरल्या चिरल्या लिंबात टाका. कलिंगडाचं ड्रेसिंग मी करत नाही, नुसतं पाणी असतं आणि आटवलं तर चव भोपळ्यासारखी येते. केळ्याचंही नको.

अननस, किवी आणि पपई यांच्याबद्दल जरा थांबून सांगते कारण इथे बरेच जण फसतात. तेलाऐवजी दही घालून हलकं ड्रेसिंग करायची कल्पना चांगली आहे, बाकीच्या फळांबरोबर ते मस्त होतं, पण ही तीन फळं न शिजवता घातली तर त्यांत प्रथिनं तोडणारी एन्झाइम असतात. दह्यात मिसळलं की लगेच छान लागतं आणि तासा-दोन तासांत दही पातळ होऊन कडू पडतं. लोकांना वाटतं दही खराब होतं. दही खराब नसतं, फळ त्याला आतून तोडत असतं. अननस किंवा किवीचा गर आधी दोन-तीन मिनिटं उकळून पूर्ण गार केला की हे थांबतं, पपईचं एन्झाइम जरा चिवट असतं म्हणून पपई मी दह्यात घालतच नाही. तेलाच्या ड्रेसिंगमध्ये यातलं काहीच होत नाही कारण तेलात तोडायला प्रथिनं नाहीत, तिथे अननस न उकळताच घाला, कोबीच्या सॅलडवर तर तो फारच छान लागतो.

आणि ड्रेसिंग कितीही चांगलं केलं तरी पानं ओली असतील तर सगळं फुकट. तुम्ही पानं धुतल्यावर किती सुकवलीत ते लिहिलं नाहीत, पण ताटलीतलं निम्मं पाणी तिथूनही आलेलं असू शकतं. धुतलेली पानं निथळून स्वच्छ कोरड्या फडक्यात गुंडाळा, फडक्याची चारी टोकं धरून हवेत चार-पाच झोके द्या, मग फडक्यासकटच अर्धा तास फ्रीजमध्ये. बोट फिरवल्यावर बोट कोरडं राहायला हवं. काकडी, टोमॅटो असेल तर चिरून थोडं मीठ लावून दहा मिनिटं चाळणीत ठेवा, जे पाणी सुटायचं ते आधीच सुटू द्या, नाहीतर ड्रेसिंगमधलं मीठ ते पाणी ताटलीतच काढणार.

घालायची वेळ म्हणजे अगदी खायला बसताना. पानं मरगळतात ती आंबटापेक्षा तेलाने जास्त, तेल त्या मेणाच्या थरातून आत शिरतं आणि पान काळपट मऊ पडतं, दहा-पंधरा मिनिटांतच फरक दिसतो. ड्रेसिंग पानांवरून ओतू नका, मोठ्या वाडग्याच्या कडेला गोल फिरवून घाला आणि हाताने खालून वर पानं उचलत मिसळा. एका माणसाच्या दोन मुठी पानांना एक मोठा चमचा, कमी वाटेल पण आधी तेवढंच घाला. कोवळी पानं असतील तर पातळ ड्रेसिंग, कोबी किंवा जाड पानं असतील तर दाट, आणि रॉकेटसारखी तिखट कडसर पानं असतील तर फळाचा गोडवा थोडा वाढू द्या, त्यांचं आणि बेरींचं फार जमतं.

टिकण्याबद्दल विचारलंत, तर ताज्या फळाचं ड्रेसिंग स्वच्छ कोरड्या काचेच्या बरणीत, फ्रीजमध्ये, तीन ते चार दिवस. त्याच्यापुढे मी ठेवत नाही, वास गेलेला असतो आणि मग करण्यात अर्थ काय. कच्चा लसूण घातला असेल तर बाहेर अजिबात ठेवू नका, लसूण आणि तेल यांचं मिश्रण खोलीच्या तापमानाला राहिलं तर त्यात बोट्युलिझमचा, म्हणजे जीवघेण्या विषबाधेचा धोका असतो, त्याचा वास किंवा रंग बदलून काही कळत नाही. फ्रीजमध्ये ऑलिव्ह ऑइल गोठल्यासारखं होतं ते नॉर्मल आहे, दहा मिनिटं बाहेर ठेवा आणि हलवा. आणि गारेगार असताना चाखून मध वाढवू नका, थंडपणात गोडी कमी जाणवते. सीझनमध्ये फळं भरपूर असतील तर नुसता गर लिंबू घालून बर्फाच्या ट्रेमध्ये गोठवून ठेवा, तेल आणि मोहरी न घालता, लागेल तेव्हा दोन-तीन ठोकळे वितळवून ताजं तेल फेटायचं. पूर्ण ड्रेसिंग गोठवलं तर वितळताना फुटतं.

आता तुमच्या फ्रीजमध्ये जी बरणी आहे तिचं काय. आधी झाकण लावून हलवा आणि एका पानाने चाखा. कडवट फारच असेल तर सोडून द्या, मी दोन लिटर घालवून शिकलेय की मधाने ते जात नाही. पण फक्त पांचट असेल तर वाचेल. वरचं तेल चमच्याने वेगळ्या वाटीत काढा. खालचा रस पॅनमध्ये घालून निम्मा होईपर्यंत आटवा, गार करा. स्वच्छ वाडग्यात एक छोटा चमचा मोहरीची पेस्ट, पाव छोटा चमचा मीठ आणि एक मोठा चमचा लिंबू घ्या, त्यात आटवलेला रस घाला, आणि बाजूला काढलेलं तेच तेल थेंब थेंब करत परत फेटा. ते साईसारखं झालं की पान बुडवा, झटका आणि खाऊन बघा, कमी वाटलं तर पहिल्यांदा मीठ वाढवा, मग लिंबू.